परग्रहावरच्या स्फटिकांविषयी, चिऊला

साप्पोरो, जपान,
९ फेब्रुवारी

चि. चिऊ,
अनेक आशीर्वाद.

तुझी गोष्ट मिळाली. वहिनीने वहीच्या पानांचे फोटो पाठवले होते, ते मोठे करकरून वाचले. परग्रहावरचे स्फटिक माणसाची भावना ओळखून वाढतात, ही कल्पना मला मनापासून आवडली. वडिलांना राग येतो आणि सगळी गुहा काट्यांनी भरून जाते, तो प्रसंग तर मी वाचून झाल्यावर परत वाचला.

एक गोष्ट मात्र खटकली. तुझे स्फटिक सगळं लगेच करतात आणि लगेच विसरतात. मुलगी हसली की काटे गायब! स्फटिक असा नसतो गं. तो थरावर थर चढवत वाढतो. कालचा थर आत राहतो, आजचा त्याच्यावर बसतो. रागाच्या काट्यांवर नंतर फुलं उमलली, तरी फुलांच्या आत काटे असणारच. तुझ्या गोष्टीचं खरं बळ इथे आहे असं मला वाटतं.

इथे बर्फ पडतोय, म्हणून नाकाया यांची हकीकत सांगते. उकिचिरो नाकाया १९३० मध्ये इथल्या होक्काइदो विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकवायला आले. आधी त्यांनी डोंगरात राहून पडणाऱ्या हिमकणांचे ढिगाने फोटो काढले, मग प्रयोगशाळेत तसाच कण वाढवायचं मनात घेतलं. ढगातला कण हवेत तरंगत वाढतो. खोलीत त्याला टेकू द्यायचा कशाचा? लोकर, कापूस, रेशीम, सगळं करून पाहिलं; धाग्यावर बर्फाची नुसती दाट रांग धरायची. शेवटी जमलं ते सशाच्या केसावर. त्या केसाला मधे मधे बारीक उंचवटे असतात, तिथे एकेक स्फटिक सुटा धरतो. १९३६ मध्ये माणसाने वाढवलेला पहिला हिमस्फटिक असा तयार झाला. विद्यापीठाच्या आवारात त्या जागी षटकोनी दगडी स्मारक आहे. मी तिथून जाते तेव्हा थांबतेच.

मग त्यांनी तापमान आणि हवेतली वाफ बदलत आकार टिपले. उणे ५ अंशांच्या आसपास सुया आणि खांब होतात. उणे १५ च्या आसपास वाफ भरपूर असेल तर फांद्या फुटलेल्या चांदण्या, वाफ कमी असेल तर साध्या सपाट चकत्या. म्हणजे खाली आलेला कण पाहून तो वर कसल्या हवेतून आला ते कळतं. हिम हे आकाशाने पाठवलेलं पत्र आहे, असं नाकाया म्हणत. चांदणीचे सहा हात सारखे का असतात, ठाऊक आहे? ते एकमेकांना काही कळवत नाहीत. सहाही जण एकाच हवेतून एकत्र खाली आलेले असतात, बस. तुझ्या गुहेत हे वापर: एका खोलीतले स्फटिक एकमेकांसारखे, शेजारच्या खोलीतले वेगळे. कोणत्या खोलीत कोण राहत होतं, हे मुलगी न विचारता ओळखेल.

आता भावना ओळखायची कशी? स्फटिकाला मन वाचायला लावू नकोस. माणूस घाबरला की तळहाताला घाम सुटतो, बोटं गार पडतात, श्वास भरभर चालतो. रडला की कोमट, खारट पाणी येतं. वाफ, ऊब आणि मीठ एवढं स्फटिकाला पुरे. ग्रह मात्र फार थंड हवा. शनीचा चंद्र टायटन बघ: तिथे उणे १८० अंशांच्या आसपास असतं आणि पाऊस मिथेनचा पडतो. अशा ठिकाणी माणसाचा एक श्वाससुद्धा केवढी मोठी घटना! आणि धावत आलेल्या माणसाचा श्वासही भ्यालेल्यासारखाच भरभर चालतो, तेव्हा तुझा स्फटिक कधीतरी चुकेल. चुकू दे. घरातले लोक त्या स्फटिकावर विश्वास ठेवून एखाद्यावर नाहक संशय घेतील, असा प्रसंग लिहून बघ.

आजीने तुला तो व्हिडिओ दाखवला ना, पाण्याशी गोड बोललं की सुंदर स्फटिक होतात म्हणणारा? तो दावा जपानच्याच मासारू एमोतो यांचा. एकाच पाण्यातून देखणे आणि बेढब असे दोन्ही स्फटिक मिळतात. फोटो कोणाचा दाखवायचा हे निवडता येतं. विज्ञानाने तो दावा मान्य केलेला नाही. गोष्टीत कल्पना म्हणून काहीही घाल, पण हे खरं आहे म्हणून घालू नकोस. आजीला नीट, प्रेमाने सांग.

एकदा तरी स्फटिक स्वतः वाढव. गरम पाण्यात विरघळेल तेवढी तुरटी विरघळव, निवू दे, तळाशी बसलेला एक चांगला खडा दोऱ्याला बांधून गाळलेल्या पाण्यात सोड आणि भांडं हलवू नकोस. घाईने गार केलंस तर बारीक, गढूळ दाणे होतील. सावकाश वाढू दिलास तर काचेसारखा होईल. खडीसाखर चघळताना आत दोरा लागतो, तो याचसाठी असतो. आणि दादाला सांग, वाघोलीच्या खाणींतलं कॅव्हन्साइट हे खनिज तुला कुठल्यातरी संग्रहात दाखवायला. काळ्या बेसाल्टच्या पोकळीत वाढलेले गडद निळे गोळे! जगभरचे संग्राहक त्यासाठी आपल्या पुण्याचं नाव घेतात.

शेवटी मुलगी वडिलांच्या रागाचा स्फटिक पृथ्वीवर आणते असं लिहिलं आहेस. तो उणे १८० अंशांत वाढलेला असेल तर पुण्याच्या उन्हात टिकेल का? वितळला तर आतले थर कोणत्या क्रमाने सुटतील? हे ठरवून पुढचा मसुदा पाठव, मी वाट बघते.

आजीला साष्टांग नमस्कार. दादा-वहिनींना नमस्कार.

तुझी,
आत्या