शब्दांची अदलाबदल म्हणजे पुनर्लेखन नव्हे

महोदय,

दुसऱ्याचा मजकूर घ्यायचा, त्यातील शब्दांच्या जागी समानार्थी शब्द बसवायचे आणि तो ‘स्वतःच्या शब्दांत’ लिहिला म्हणून पुढे करायचा, ही पद्धत विद्यार्थ्यांच्या प्रकल्पांपासून शोधनिबंधांपर्यंत चांगलीच रुळली आहे. पूर्वी त्यासाठी निदान शब्दकोश उघडावा लागे. आता संगणकावर मजकूर चिकटवला की क्षणात ‘नवा’ मजकूर हाती पडतो. हे वाङ्मयचौर्य आहेच. परंतु मला अधिक काळजी वाटते ती अर्थाच्या हानीची, कारण चोरी कधी ना कधी पकडली जाते, बिघडलेला अर्थ मात्र वाचक खरा मानून पुढे नेतो.

बोलताना आपण बल, शक्ती, जोर, ताकद हे शब्द एकमेकांच्या जागी बिनदिक्कत वापरतो. पदार्थविज्ञानात मात्र बल ही एक राशी आहे आणि शक्ती ही दुसरीच. ‘वस्तुमान आणि त्वरण यांचा गुणाकार म्हणजे बल’ या वाक्यात वस्तुमानाऐवजी वजन आणि बलाऐवजी शक्ती घातली, तर वाक्य कानाला खटकत नाही, पण नियम दोन ठिकाणी मोडलेला असतो. फौजदारी कायद्यातील खून आणि सदोष मनुष्यवध यांचेही तेच.

मराठीत लिंग-वचनाचा घोळ आणखी वेगळा. ‘माझे पुस्तक हरवले’ या वाक्यात केवळ ‘पुस्तक’ काढून ‘ग्रंथ’ ठेवा. ‘माझे ग्रंथ हरवले’ हे व्याकरणदृष्ट्या निर्दोष वाक्य तयार होते. फक्त एकाचे अनेक ग्रंथ झालेले असतात आणि चूक दिसत नाही म्हणूनच ती सुटते. वाक्प्रचारांची तर दैनाच. ‘अधिकाऱ्यांनी हात वर केले’ याचे ‘अधिकाऱ्यांनी कर वर केले’ झाले, तर त्यांनी जबाबदारी झटकली की करवाढ केली, हे वाचकाने ठरवायचे!

ही भीती काल्पनिक नाही. गियोम कबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मगाझिनोव या संशोधकांनी 2021 मध्ये शोधनिबंधांतील अशा विचित्र शब्दप्रयोगांचा छडा लावला आणि त्यांना ‘टॉर्चर्ड फ्रेझेस’, म्हणजे पिळवटलेले शब्दप्रयोग, असे नाव दिले. ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’च्या (कृत्रिम बुद्धिमत्ता) जागी ‘काउंटरफीट कॉन्शसनेस’ (बनावट जाणीव), ‘बिग डेटा’च्या (प्रचंड विदा) जागी ‘कोलोसल इन्फर्मेशन’ (अवाढव्य माहिती), ‘सिग्नल टू नॉइज’च्या (उपयुक्त संकेत आणि नको असलेला गोंगाट यांचे प्रमाण) जागी ‘फ्लॅग टू कमोशन’ (झेंडा आणि गडबड) असे प्रकार प्रसिद्ध झालेल्या निबंधांत सापडले. त्या विषयाचा कोणताही अभ्यासक हे शब्द वापरणार नाही. म्हणजे संपादक आणि तज्ज्ञ परीक्षक या दोघांच्या नजरेखालून ते छापून गेले, याचा अर्थ कोणीतरी निबंध वाचलाच नव्हता. गंमत अशी, की चोरी लपवण्यासाठी घातलेले हेच शब्द पुढे चोरी शोधण्याच्या खुणा ठरले. आता तेच शब्द शोधून संशयास्पद निबंध हुडकले जातात.

मुळात ही युक्ती का फोफावली? साम्य तपासणारी बरीचशी संगणकप्रणाली लागोपाठ जुळणाऱ्या शब्दांच्या ओळी शोधते. दर तीन-चार शब्दांमागे एक बदलला की ओळ तुटते आणि साम्याची टक्केवारी घसरते. विचार कोणाचा, मांडणीचा क्रम कोणाचा, उदाहरणे कोणी निवडली, हे त्या आकड्यात उमटतेच असे नाही. उलट, एखादी व्याख्या अवतरणचिन्हांत, मूळ लेखकाच्या नावासह, जशीच्या तशी देणाऱ्या प्रामाणिक विद्यार्थ्याचा आकडा काही वेळा वाढतो. आकडा कमी म्हणजे लेखन स्वतःचे, असा समज आपण शिक्षकांनी आणि मार्गदर्शकांनीच रुजवला असेल, तर पळवाट शोधणाऱ्याला एकट्याला दोष देणे बरोबर नाही.

दुसऱ्याचे म्हणणे आपल्या शब्दांत सांगणे हे सन्मान्य काम आहे. सारांशलेखन त्याच पायावर उभे आहे. पण ते वाक्यावर पेन्सिल फिरवून होत नाही. उतारा वाचून बाजूला ठेवावा, काय समजले ते कोणाला तरी समजावल्यासारखे लिहावे, मग मूळ मजकुराशी ताडून पाहावे आणि आधाराचा उल्लेख करावा. पारिभाषिक संज्ञा बदलू नयेत. त्या कोणाच्या मालकीच्या नसतात आणि त्यांची पुनरुक्ती हा दोषही नाही. व्याख्या किंवा कलम असेल, तर ते सरळ अवतरणात द्यावे.

म्हणून शाळा-महाविद्यालयांना विनंती, की प्रकल्प स्वीकारताना साम्य-अहवालासोबत विद्यार्थ्याशी पाच मिनिटे बोलावे. ‘हे वाक्य सोपे करून सांग’ एवढे विचारले तरी पुरे. आणि अवतरणासह दिलेला मजकूर साम्याच्या आकड्यातून वगळला जाईल, हे लेखी सूचनांत पहिल्यापासून स्पष्ट असावे.

आपला,
एक वाचक