मृग जूनमध्ये छापता, तसा जानेवारीतही छापा

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

दरवर्षी ७-८ जूनच्या सुमारास आपल्या अंकात मृगाची बातमी असते. मृग लागला, यंदा वाहन अमुक, पेरणीची लगबग. ही बातमी मी लहानपणी वडिलांना वाचून दाखवायची, आता स्वतःसाठी वाचते. पण बत्तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवताना एक गोष्ट सतत जाणवली. मृग हा शब्द बार्शी तालुक्यातल्या पोराटोरांनाही पाठ असतो, आणि आभाळात तो कुठं आहे हे अख्ख्या वर्गात एकालाही दाखवता येत नाही. जूनमध्ये तो दिसणारच नाही. त्या दिवसांत सूर्यच मृगात असतो, म्हणून तर मृग लागला म्हणायचं. डोळ्यांनी बघायचा तर थंडीत, हुरड्याच्या दिवसांत.

संक्रांतीच्या आसपास रात्री नऊला अंगणात या आणि आग्नेयेकडे मान वर करा. चार कोपऱ्यांना चार ठळक तारे, ते हरणाचे पाय. मधोमध एका रेषेत तीन, तो पोटात घुसलेला बाण. बाण मारणारा व्याध खाली डावीकडे लखलखत असतो. बाणाखाली तीन बारीक तारे लोंबतात, ती शेपूट. त्या शेपटीतला मधला नीट बघा. तो इतर ताऱ्यांसारखा टोकदार नसतो, ओल्या बोटानं पुसल्यासारखा दिसतो. तारा नव्हेच तो. तो मृगातला तेजोमेघ, म्हणजे वायू आणि धुळीचा उजळलेला ढग, आणि तिथं आजही नवे तारे जन्माला येत आहेत.

मला तो पहिल्यांदा नीट दिसला भारनियमनाच्या काळात. तेव्हा आठ-आठ तास वीज नसायची. एका रात्री भाच्यानं आणलेली १० बाय ५० ची (दहापट मोठं दाखवणारी, ५० मिलिमीटर भिंगांची) दोन डोळ्यांची दुर्बीण घेऊन मी वस्तीवरच्या दहा-बारा पोरांना शाळेच्या मैदानावर बोलावलं. हात थरथरतो म्हणून प्रत्येकाला हौदाच्या कठड्यावर कोपरं टेकवायला लावली. बॅटरीला पतंगाचा लाल कागद गुंडाळला होता, कारण डोळे अंधाराला सरावायला वीस मिनिटं लागतात आणि एका पांढऱ्या झोतात ती वाया जातात. चौथीतली एक मुलगी बराच वेळ दुर्बिणीला डोळे लावून उभी राहिली आणि म्हणाली, "बाई, तिथं ओल्या लाकडाची चूल पेटवलीय."

माझ्या मते याहून नेमकं वर्णन नाही. राखाडी, किंचित हिरवट धूर, आणि आत कुठंतरी विस्तव. तो विस्तव म्हणजे तेजोमेघाच्या गाभ्यातले चार तरुण, अतितप्त तारे. त्यांतल्या सर्वांत तेजस्वी ताऱ्याच्या अतिनील किरणांनी भोवतालचा वायू उजळतो. पुढे सोलापूरच्या काही खगोलप्रेमींनी गावात मोठी दुर्बीण आणली तेव्हा ते चारही तारे मी वेगवेगळे पाहिले, चौकोनात मांडल्यासारखे.

हा धूर सुमारे २४ प्रकाशवर्षं पसरलेला आहे आणि आपल्यापासून साधारण १,३४० प्रकाशवर्षं दूर आहे. म्हणजे आज डोळ्यांत शिरणारा उजेड तिथून निघाला तेव्हा इकडे बदामीच्या चालुक्यांचं राज्य होतं, आणि ज्ञानेश्वर माउलींच्या जन्माला अजून जवळपास सहाशे वर्षं होती. वर्गात मी ताऱ्यांच्या वयाचंही एक गणित घालायची. आपला सूर्य ४६० कोटी वर्षांचा. त्याला ४६ वर्षांचा माणूस धरलं, तर या मेघातले दहा लाख वर्षांचे तारे किती दिवसांचे? उत्तर येतं साडेतीन दिवसांहून थोडं जास्त. अजून पाचवीसुद्धा पुजलेली नाही! अवकाशातल्या हबल दुर्बिणीला यांतल्या कित्येक बाळांभोवती धुळीच्या चकत्या दिसल्या आहेत. पुढे त्यांतून ग्रह घडू शकतात.

एक सूचना पालकांसाठी. मोबाइलवर या मेघाचे गुलाबी-जांभळे फोटो पाहून आलेली मुलं दुर्बिणीतून राखाडी ठिपका बघितला की हिरमुसतात. त्यांना आधीच सांगा, कॅमेरा उजेड साठवत राहतो, डोळ्याला तसं साठवता येत नाही. १८८० साली हेन्री ड्रेपर या अमेरिकन डॉक्टरांनी याचा पहिला फोटो काढला, त्यासाठी ५१ मिनिटं कॅमेऱ्यातली काच उघडी ठेवावी लागली होती. आणि ठिपक्याकडे रोखून बघू नका, जरा बाजूला बघा. तिरक्या नजरेला तो अधिक पसरलेला दिसतो.

आता माझं गाऱ्हाणं. दोन वर्षांपूर्वी आमच्या शाळेजवळच्या चौकात उंच खांबावर पांढरे झगझगीत दिवे बसवले. तेव्हापासून मैदानावरून ती शेपूट नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. दिवे नकोत असं मी म्हणणार नाही. रात्री मोटार चालू करायला शेतात जाणाऱ्याला आणि उशिरा घरी येणाऱ्या लेकीबाळींना उजेड हवाच, विंचूकाट्याचं भय आम्हीही जाणतो. पण उजेड रस्त्यावर पडावा, आभाळात कशाला? दिव्यांवर टोपण बसवून तोंड खाली करा, एवढा अर्ज मी दोनदा दिला. पोच मिळाली, टोपण नाही. आपल्याच राज्यातल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला जानेवारी २०२४ मध्ये भारतातलं पहिलं डार्क स्काय पार्क, म्हणजे रात्रीचं काळोखं आभाळ जपणारं उद्यान, म्हणून मान्यता मिळाली. त्यासाठी आसपासच्या गावांतले दिवे बदलून खाली तोंडाचे केले गेले. तिथं जमलं ते एका चौकात का जमू नये?

तोवर आपल्याकडे एक मागणं. जूनमध्ये मृगाला चार ओळी देता, तशा जानेवारीतही द्या, सोबत हरणाची साधी आकृती आणि शेपटीवर एक बाण. मजकूर आणि आकृती मी पाठवते, मानधन नको. फक्त पौष अमावास्येच्या आधीच्या आठवड्यात छापा, म्हणजे संध्याकाळी चंद्र आडवा येणार नाही.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, बार्शी तालुका