तेरा दिवस आणि तीस दिवस

आर्वी, जि. वर्धा
18 नोव्हेंबर 2025

प्रिय गजानन,
सप्रेम नमस्कार.

प्रभाकरदादांची बातमी कळल्यापासून जीव थाऱ्यावर नाही. रात्रीच्या लाइनीवर हरभऱ्याला पाणी द्यायला गेलेला माणूस विहिरीच्या पेटीजवळ करंट लागून जातो आणि घरी तीन लेकरं, वहिनी आणि मोठी आई, म्हणजे दादांची आई, उरतात. काय बोलावं सुचत नाही. फोनवर तू बरंच विचारलंस, पण ते बोलण्यात राहून जाईल. म्हणून लिहूनच पाठवतो. हे पत्र वहिनींच्या कागदांच्या पिशवीतच ठेव.

तू विचारलंस की सुतकात कचेरीची कामं केलेली चालतात का. चालतात, गड्या, आणि करावीच लागतात. दादा 14 तारखेला गेले. त्या दिवसापासून घरात तेरा दिवस मोजले जात आहेत आणि सरकारदरबारी 21 आणि 30 दिवस. दोन्ही मोजण्या एकाच वेळी चालू आहेत. तेरवी उरकल्यावर पाहू म्हणणाऱ्या घराचा निम्मा महिना तिथंच जातो. पुढे कोणी सव्वा महिना बाईनं उंबरठा ओलांडू नये म्हणतं, तोवर मुदत संपलेली असते. वहिनींना घराबाहेर काढायची गरज नाही. धावपळ तू कर, सह्या घरी घे. मात्र सही करण्याआधी प्रत्येक कागद त्यांना वाचून दाखव आणि कोऱ्या कागदावर कोणालाही अंगठा घेऊ देऊ नको, अगदी घरच्या माणसालाही.

पहिलं काम मृत्यूची नोंद. ग्रामपंचायतीत 21 दिवसांच्या आत, म्हणजे 4 डिसेंबरपर्यंत केली की विलंब शुल्क लागत नाही. तीस दिवसांनंतर वरच्या अधिकाऱ्याची परवानगी लागते आणि वर्ष उलटलं तर दंडाधिकाऱ्याचा हुकूम. दादा दवाखान्यात नेल्यावर गेले असतील तर नोंद तिथल्या हद्दीत होते, ते आधी विचारून घे. नोंदीच्या वेळी नाव बारकाईनं पाहा. आपल्याकडे घोळ होतो तो इथंच. सातबाऱ्यावर ‘प्रभाकर’, आधारवर ‘प्रभाकरराव’, बँकेत बापाच्या नावापुढे ‘जी’ लागलेला. नोंद लिहिताना सातबारा आणि आधार दोन्ही समोर ठेव. दाखल्याच्या दहा प्रती काढ, सगळ्या लागतात.

पोस्टमॉर्टम झालं हे ऐकून हायसं वाटलं. किती घरी ‘फाडाफाडी नको, देहाची विटंबना होते’ म्हणून तसंच सरण रचतात. भावना समजते, पण मग अपघात झाला हे कशानं सिद्ध करायचं? अपघाती मदतीचे दावे बहुधा याच एका कागदावाचून पडतात. आता ठाण्यातून मर्गची, म्हणजे अकस्मात मृत्यूची, नोंद, घटनास्थळ पंचनामा आणि इन्क्वेस्ट, म्हणजे मृतदेहाचा पंचनामा, यांच्या प्रती घे आणि दवाखान्यातून पीएम रिपोर्ट. रिपोर्टमध्ये मृत्यूच्या कारणाचा अभिप्राय राखून ठेवला असेल तर रासायनिक तपासणीला वेळ लागेल. त्यासाठी अर्ज अडवून ठेवायचा नाही. आहे तेवढे कागद जोडून द्यायचा, बाकीचे मागाहून.

अर्ज द्यायचा आहे गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेचा, तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे. अपघाती मृत्यूला 2 लाख रुपये. वय 10 ते 75 मध्ये असावं. वावर अजून मोठ्या बाबांच्या, म्हणजे दादांच्या वडिलांच्या, नावावर असेल तरी घाबरू नको, खातेदाराच्या कुटुंबातला एक सदस्यही यात बसतो. मुदत 30 दिवसांची, ती 14 डिसेंबरला संपते. तो रविवार, 13 ला शनिवारची सुट्टी. म्हणजे तुझ्यासाठी शेवटचा दिवस शुक्रवार, 12 डिसेंबर. पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नको. पेटीत किंवा तारेत दोष होता असा संशय असेल तर विद्युत निरीक्षकांना लेखी कळव आणि त्यांची पाहणी होईपर्यंत पेटी, वायर, स्टार्टर काही हलवू देऊ नको. वीज कंपनीकडून भरपाई मागायची तर या निरीक्षकांचाच अहवाल लागतो. कोणी चांगल्या मनानं वायर बदलून देतो आणि पुरावा जातो.

आता दादांचं बँकेचं पासबुक काढ. एन्ट्री मारून घे आणि दर वर्षीच्या मे महिन्याचा शेवट पाहा. तिथं 436 रुपये कटले असतील तर जीवनज्योती विमा आहे, 20 रुपये कटले असतील तर सुरक्षा विमा. दोन्ही 2-2 लाखांचे. पहिला कोणत्याही मृत्यूला, दुसरा अपघातालाच. 1 जून ते 31 मे असं त्यांचं वर्ष असतं, म्हणून यंदाच्या मे-जूनची कपात महत्त्वाची. खात्यात तेव्हा पैसे नसतील तर विमा बंद पडलेला असतो. दावा बँकेतच द्यायचा, तोही 30 दिवसांत. खातं उघडताना भरलेल्या फॉर्मवर पीककर्ज आणि बचत यांच्या गर्दीत या 20 रुपयांच्या चौकोनावर खूण होऊन गेलेली असते आणि घरात कोणाला ठाऊकही नसतं. दादांचं एटीएम कार्ड मात्र कोणी वापरू नका. नॉमिनी वहिनी असतील तर पैसे त्यांच्या हाती येतील, पण नॉमिनी म्हणजे मालक नव्हे, ते पैसे सगळ्या वारसांचे.

गावच्या सेवा सहकारी सोसायटीचं कर्ज तू 90 हजार सांगितलंस. या दिवसांत सचिव ‘नवं-जुनं करून घेऊ, व्याज वाचेल’ म्हणत, म्हणजे जुनं कर्ज फेडलं दाखवून नवं काढायला, घरी येईल. त्याचा हेतू चांगलाही असेल, पण वहिनींनी आताच आपल्या नावानं सही केली की ते कर्ज त्यांचं होतं. दादांच्या कर्जाला वारस जबाबदार असतात ते दादांकडून मिळालेल्या मालमत्तेपुरतेच. वारस नोंद होऊ दे, विम्याचं कळू दे, मार्चच्या आत बसून ठरवता येईल. खाजगी सावकार दारात आला तर परवाना पाहा. नसेल तर तालुक्याच्या सहायक निबंधकांकडे तक्रार होते.

आता तेरवी. 26 तारखेला 500 पानं, असं मोठ्यांचं चाललंय म्हणालास. हिशेब मांडून पाहा. 500 पानांना 45 किलो तांदूळ, 20 किलो तूरडाळ, 60 किलो कणीक, 70 किलो आलू-वांगे, बुंदीला 25 किलो बेसन आणि त्याच्या दीडपट साखर, तेलाचे तीन पिपे. वर आचारी, मंडप, सिलिंडर, दुपट्टे-टोप्या. साठ हजारांच्या खाली हे येत नाही. मध्यम धाग्याच्या कापसाचा यंदाचा हमीभाव 7,710 रुपये. साठ हजार म्हणजे जवळपास आठ क्विंटल कापूस, म्हणजे कोरडवाहू दोन एकरांची वेचणी, तीही हमीभाव मिळाला तर. दादांच्या वावरात उभा असलेला कापूसच त्या बाईच्या हातातली एकमेव रोकड आहे. तो मंडपवाल्याला देऊ नका.

विधी करू नका असं मी म्हणणार नाही. मोठ्या आईंच्या मनाला दशक्रियेनं, पिंडदानानं आधार मिळत असेल तर ते नीट करा. 23 तारखेला नदीवर जा, भजनी मंडळ बोलवा, घरच्या आणि भाऊकीच्या पन्नास-साठ पानांचं जेवण करा. विधीला खर्च थोडा लागतो. कर्ज होतं ते गावजेवणाचं, आणि त्या जेवणाला शास्त्राचा आधार नाही, गावाच्या नजरेचा आहे. कर्ज काढून जेवणावळी घालू नका हे गाडगेबाबा जन्मभर कीर्तनातून सांगत फिरले, आणि ते आपल्याच अमरावतीकडचे, शेंडगावचे. त्यांचं नाव घेऊन बोललास तर म्हातारे ऐकतील. पण एक सांभाळ. ‘जेवण लहान करा’ हे वहिनींच्या तोंडून जाऊ देऊ नको. बाईनं म्हटलं की ‘नवऱ्याचं चार घास घालवेना हिला’ असं बोल आयुष्यभर चिकटतं. ते तू म्हण, आणि त्याच बैठकीत मोठ्या काकांकडून म्हणवून घे. भाऊबंद शिधा आणणार असतील तर त्याऐवजी रोख द्या म्हणावं, लेकरांच्या फीला होईल.

दहाव्याच्या दिवशी बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं हे टाळता येत असेल तर टाळा, वहिनींना विचारून. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं मे 2022 मध्ये ठराव केला आणि 17 मे 2022 ला राज्य सरकारनं परिपत्रक काढून बाकी गावांनाही तसं करायला सांगितलं. म्हणजे नाही म्हणायला सरकारी कागदाचा आधार आहे. मंगळसूत्र उतरवलं तरी ते वहिनींचं स्त्रीधन आहे. ते दुसऱ्या कोणाच्या पेटीत ठेवायला देऊ नका.

वारस नोंदीचा अर्ज पटवाऱ्याकडे, तीन महिन्यांच्या आत. ऑनलाइन ‘ई-हक्क’वरूनही करता येतो. आधी 6-क या वारसांच्या नोंदवहीत नोंद, मग फेरफार, मग नोटीस, 15 दिवस हरकतीला, मग मंडळ अधिकारी मंजूर करतात. दादांच्या वाट्याला वहिनी, दोन मुली, मुलगा आणि मोठी आई असे पाच वारस, पाचही बरोबरीचे. ‘मुली सासरी जाणार, त्यांची नावं कशाला’ असं कोणी म्हणेलच. नावं लागलीच पाहिजेत. मुलं अज्ञान, म्हणजे 18 वर्षांच्या आतली, आहेत, म्हणून त्यांच्यापुढे ‘अ.पा.क. आई’ (अज्ञान पालनकर्ती आई) लिहिलं जाईल, ते तपास. दोन गोष्टी होऊ देऊ नको: मोठ्या भावाचं एकट्याचं नाव ‘ए.कु.मॅ.’ (एकत्र कुटुंब मॅनेजर) म्हणून चढणं आणि वहिनींकडून हक्कसोडपत्र. ‘तुम्हाला कुठं जमीन कसता येते’ म्हणून ते मागतात आणि पुढे बाईला बांधावर उभं राहायचीही चोरी होते. हिंदू वारसा कायद्यानं मिळालेला वाटा तिच्या पूर्ण मालकीचा असतो, तिनं पुढे दुसरं लग्न केलं तरी जात नाही. अज्ञान मुलांचा वाटा कोर्टाच्या परवानगीशिवाय विकता येत नाही. फेरफार ‘वारसाने’ असा लिहिला गेला की पीएम किसानमध्ये वहिनींची नवी नोंद होते, कारण 1 फेब्रुवारी 2019 नंतर मालक झालेल्यांत फक्त वारसांनाच सूट आहे. दादांच्या नावाचे पुढचे हप्ते आले तर ते खर्चू नका, वसुली होते.

तुझ्या गावात बौद्ध घरं आहेत, त्यांनाही हाच वारसा कायदा. गोंड घरांना तो लागू नाही, तिथं रूढी चालते, म्हणून वारस चौकशीच्या वेळी त्यांच्या जाणत्या माणसांचे जबाब लिहून घ्यावे लागतात. मुस्लीम विधवेला चार महिने दहा दिवसांची इद्दत असते. 30 दिवसांची मुदत तिच्यासाठीही थांबत नाही, तेव्हा कागद घरीच न्यावे. मदतीच्या योजना मात्र धर्म पाहत नाहीत.

राहिला दर महिन्याचा खर्च. संजय गांधी निराधार योजनेचे महिन्याला 1,500 मिळतात, पण कुटुंबाचं वर्षाचं उत्पन्न 21,000 च्या आत लागतं. दिवसाला 58 रुपयेही नाहीत हे. तहसीलचा दाखला पटवाऱ्याच्या अहवालावर निघतो आणि तिथं दादांची मजुरी धरून आकडा लिहिला गेला तर अर्ज पडतो. कमावता माणूस गेल्यानंतरचं उत्पन्न लिहा, असं स्पष्ट सांग. वहिनींना लाडकी बहीणचे 1,500 येत असतील तर दोन्ही एकत्र मिळणार नाहीत. मी तरी निराधारच धरा म्हणेन. ती योजना 1980 पासून टिकून आहे आणि पासष्टीनंतर श्रावणबाळ या म्हाताऱ्यांच्या योजनेत जाता येतं. घर दारिद्र्यरेषेच्या यादीत असेल तर राष्ट्रीय कुटुंब लाभचे 20,000 एकरकमी, तहसीलच्या त्याच शाखेत.

सगळ्यात दुर्लक्षित म्हणजे बालसंगोपन योजना. ती फक्त अनाथांची, असं लोक समजतात. बाप गेलेली, आई असलेली मुलंही बसतात. मंजूर झालेल्या लेकराला 18 वर्षांपर्यंत महिन्याला 2,250. अर्ज जिल्हा महिला व बाल विकास कार्यालयात, मंजुरी बालकल्याण समितीची. शाळेचे बोनाफाईड आताच काढून ठेव, धाकटीचं आधार अपडेट नसेल तर तेही. रेशनकार्डात कुटुंबप्रमुख म्हणून मोठ्या आईंचं नाव येईल, घरातल्या सगळ्यांत वडील बाईचं लागतं. दादांचं नाव कमी करताना मुलांची नावं चुकून उडत नाहीत ना, ते तिथंच उभं राहून पाहा.

मोठ्या आईंना माझा नमस्कार सांग, वहिनींना धीर दे. उद्या सकाळी पासबुकाच्या मे-जूनच्या पानाचा आणि सातबाऱ्याचा फोटो पाठव. रविवारी नदीवर मी येतो, येताना फॉर्म घेऊन येईन.

तुझा,
विलास