आटपाट नगराची हद्द सरकवू नका

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या बालपुरवणीत चिऊ-काऊची गोष्ट 'नव्या रूपात' आली आहे. पाऊस आला, काऊचं शेणाचं घर वाहून गेलं, तो भिजत चिऊच्या मेणाच्या घरापाशी आला, दार ठोठावलं आणि चिऊनं लगेच दार उघडलं. मग दोघं गरम गरम सूप प्यायले. खाली चौकटीत पालकांसाठी टीप आहे की, जुन्या गोष्टीतून मुलं अप्पलपोटेपणा शिकतात म्हणून हा बदल केला.

सुपाबद्दल माझी काही तक्रार नाही. दाराबद्दल आहे.

मी भूमी अभिलेख खात्यातला निवृत्त भूकरमापक. उमरेड, काटोल, रामटेक या भागांतली शेतं मोजण्यात तेहतीस वर्षं गेली. कुणी कुणाचा बांध हातभर सरकवला की तो मला आजही लांबून दिसतो. आपण जो सरकवला तो आटपाट नगराचा आहे. या नगराचा नकाशा कोणत्याच कार्यालयात नाही, चतुःसीमा कुठे नोंदलेली नाही, पण तिथला कायदा आमच्या महसूल संहितेपेक्षा कडक आहे. तिथे राजाला दोन राण्या असल्या तर एक आवडती आणि एक नावडती असणारच, आणि शेवटी गोठ्यातल्या नावडतीचंच भलं होणार. वसा घेताना 'उतू नको, मातू नको, घेतला वसा टाकू नको' असं बजावून सांगतात, तेव्हाच पक्कं समजावं की पुढच्या पानावर कुणीतरी तो टाकणार आहे. भाऊ असले तर भाग्य धाकट्याचं. माझ्या नोकरीत धाकट्याच्या वाट्याला हमखास नाल्याकडची पड यायची आणि पडच राहायची. आटपाट नगरात ती पड खोदली की मोहरांचा हंडा लागतो.

मोजमापाचाही तिथे निराळाच हिशोब. मी गुंठा शिकलो तो ३३ फूट बाय ३३ फूट, म्हणजे १०८९ चौरस फूट. ४० गुंठ्यांचा एकर. यात इकडचं तिकडे होत नाही. आणि श्रावणी सोमवारी आमच्या आईच्या तोंडून ऐकली ती खुलभर दुधाची कहाणी. राजाला महादेवाचा गाभारा दुधानं भरायचा असतो. दवंडी पिटते, गावातलं सगळं दूध येतं, वासरांच्या आणि लेकरांच्या तोंडचंही येतं, पण गाभारा काही भरत नाही. मग एक म्हातारी घरच्यांना जेवूखाऊ घालते, वासरांना पाजते, आणि दुपारी निवांत उरलेलं खुलभर दूध नेऊन ओतते. गाभारा काठोकाठ! लहानपणी मी हे गणित सोडवायचा फार प्रयत्न केला. पुढे नोकरीत समजलं की ते आपल्या साखळीनं मोजायचंच नाही. त्या मुलखात आधी कुणाचं पोट भरलं, यावर भांड्याचं माप ठरतं.

आदित्यराणूबाईच्या कहाणीत तर याहून गंमत आहे. तिथे कहाणीच कहाणीत शिरते. ती ऐकायला उपाशी माणूस लागतो म्हणून शोधाशोध होते. मोळीविक्या ऐकतो, त्याची मोळी सोन्याची होते. माळी ऐकतो, त्याच्या विहिरीला पाणी लागतं. नुसतं नीट ऐकलं म्हणून! आमच्याकडे विहिरीला पाणी लागावं म्हणून लोक नारळ तळहातावर धरून शेतभर फिरतात. त्यापेक्षा कहाणी स्वस्त पडते.

आता दार. काऊ म्हणतो, "चिऊताई चिऊताई, दार उघड." चिऊ म्हणते, "थांब, माझ्या बाळाला न्हाऊ घालते." दुसऱ्यांदा, "थांब, माझ्या बाळाला काजळ घालते." तिसऱ्यांदा, "थांब, माझ्या बाळाला तीट लावते." पुढे घरोघरी निराळं आहे. कुठे काऊ चुलीपाशी बसून भाजतो, कुठे रात्री चणे खातो आणि विचारलं की सुपारी म्हणून सांगतो. त्यावर कुणी भांडत नाही. पण तीन वेळा ठोठावणं कुणी सोडलेलं मी ऐकलेलं नाही. ही गोष्ट आजकालचीही नव्हे. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी आपल्याच विदर्भात, रिद्धपूरला लिहिलेल्या लीळाचरित्रात चक्रधरस्वामी ती सांगतात. तिथे चिमणीच्या जागी साळई आहे. घरं मात्र हीच, एक शेणाचं आणि एक मेणाचं. पक्षी बदलला, शेण-मेण बदललं नाही.

चिऊ थोडी खडूस आहे, मान्य. मला ती लहानपणीही आवडत नव्हती. पण आमचा पाच वर्षांचा नातू तिच्याकडून खडूसपणा शिकतो की काय, ते मी रोज पाहतो आहे. तो नेहमी काऊ होतो. बेडरूमच्या दाराबाहेर उभा राहतो, डोक्यावर टॉवेल (म्हणजे पाऊस), आणि आतून आजी 'थांब' म्हणाली की त्याला इतकं हसू येतं की पुढचं वाक्य फुटत नाही. दार तिसऱ्यांदा उघडणार हे त्याला ठाऊक असतं. म्हणूनच भिजायची हौस.

त्या रविवारी सूनबाईंनी त्याला आपली गोष्ट वाचून दाखवली. 'लगेच दार उघडलं' इथे तो उठला. बाहेर गेला, स्वतःच दार ओढून घेतलं, आणि पलीकडून आवाज आला, "आई, काहून उघडलं? लाव ना!" सूनबाईंनी पुन्हा वाचलं, पुन्हा तेच. मग टॉवेल घेऊन तो माझ्याकडे आला. सुपापर्यंत गोष्ट पोहोचलीच नाही.

झिरो माईलच्या दगडाचं उदाहरण देतो. त्यावर कोरलंय ते जी.टी.एस. स्टँडर्ड बेंच मार्क, १९०७. म्हणजे समुद्रसपाटीपासूनची उंची मोजायची खूण. पण नागपुरात कुणालाही विचारा, 'भारताचा मध्यबिंदू' म्हणून छाती फुगवून सांगेल. मी नोकरीत असताना पाहुण्यांना दुरुस्त करून सांगायचो. आता सोडून दिलं. बेंचमार्क मात्र मी कधी हलवला नसता, आणि तीन वेळा ठोठावणं हा आटपाट नगराचा बेंचमार्क आहे. बाकीच्या उंच्या त्यावरून निघतात.

तर विनंती एवढीच की, येत्या रविवारी दुरुस्ती छापावी. सूप ठेवायचं असेल तर ठेवा, पण तिसऱ्या टकटकीनंतर. चौकटीतली टीप काढलीत तर त्या जागेत चिऊच्या बाळाचं चित्र मावेल, तीट लावलेलं.

हे लिहिता लिहिता बाहेरून दोनदा टकटक झाली आहे. आजी देवळात गेली असल्यामुळे सध्या चिऊ मीच. तिसरीच्या आत पाकीट चिकटवतो.

आपला,
एक निवृत्त भूकरमापक
महाल, नागपूर