भोंगा वाजवणाऱ्या मास्तरांचा पत्ता लागला

प्रिय बंड्या,

फोनवर सांगितलं असतं तर तू मधेच तोडलं असतंस, म्हणून पत्र.

व्हिडिओ पार्लरमधला तो ‘कराटे पिक्चर’ आठवतोय? हिरोचे तळवे लालभडक व्हायचे आणि म्युन्सिपाल्टीसारखा भोंगा वाजायचा. दुसऱ्या दिवशी तू रेतीच्या ढिगात बोटं खुपसून सोलून घेतलीस आणि काकूंनी आधी हळद लावली, मग धपाटा घातला. तो ‘किंग बॉक्सर’, १९७२चा. आपण तो बिनधास्त ब्रूस लीच्या खात्यावर टाकला होता. हिरो होता लो लिए. आणि दिग्दर्शक चिनीसुद्धा नव्हता रे, कोरियन होता! चुंग चांग-ह्वा.

हा माणूस १९२८चा, म्हणजे कोरियावर जपानी अंमल होता तेव्हाचा. चोई इन-ग्यू या दिग्दर्शकाच्या हाताखाली उमेदवारी केली, १९५३मध्ये पहिला सिनेमा. पुढे त्याच्या हाताखाली राबलेला इम क्वोन-तेक २००२ला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट दिग्दर्शक ठरला. चेल्याचं नाव झालं, गुरूला कोण ओळखतो?

साठच्या दशकाच्या शेवटी हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स या सिनेमा कंपनीने त्याला बोलावलं. तिथे चित्रीकरण मुकं व्हायचं, आवाज मागाहून भरायचे. परक्या मुलखातल्या माणसाला ते सोयीचंच पडलं असेल. तलवारीचे सिनेमे केले, एक बाई हजार चेहरे बदलते असाही केला. आणि मग हा.

मी परवा पुन्हा पाहिला. उड्या बेताच्याच आहेत. पण हिरोचे हात ठेचतात ना, तिथे मी या वयात हात पाठीमागे लपवले. चुंगला मार कसा लागतो ते दाखवायचं होतं, कसा मारतात ते नंतर. अंधाऱ्या खोलीतली ती आंधळ्याची झटापट बघ. नुसत्या आवाजावर काटा येतो.

मार्च १९७३मध्ये वॉर्नर ब्रदर्सनी तो ‘फाइव्ह फिंगर्स ऑफ डेथ’ म्हणून अमेरिकेत लावला आणि तो कमाईत पहिल्या क्रमांकावर गेला. ब्रूस लीचा ‘एंटर द ड्रॅगन’ त्यानंतर, ऑगस्टमध्ये! म्हणजे वाट कोणी पाडली, बोल. चुंग मात्र शॉ सोडून गोल्डन हार्वेस्ट या दुसऱ्या कंपनीकडे गेला, १९७७च्या सुमारास कोरियात परतला, निर्माता झाला, शेवटी अमेरिकेत राहायला गेला. बुसान महोत्सवाने त्याचे जुने सिनेमे एकत्र दाखवले ते थेट २००३ला.

आणि तो भोंगा उसना होता, लेका. क्विन्सी जोन्सने ‘आयर्नसाइड’ या अमेरिकन मालिकेसाठी केलेलं संगीत. त्याच २००३मध्ये दिग्दर्शक टॅरँटिनोने ‘किल बिल’ सिनेमात पुन्हा वाजवला.

दिवाळीत येशील तेव्हा माझ्याकडे बघू. काकूंनाही आण. भोंगा वाजला की त्या तुझी बोटं तपासतील, पैज.

तुझा,
पम्या