ऱ्हाईनकाठचं पत्र

सांक्ट गोआर्सहाउझेन, जर्मनी

प्रिय संज्या,

स.न.वि.वि. तू विचारलंस, तिथे सुट्टीच्या दिवशी करतोस तरी काय? बोटी बघतो! बाकीचे किल्ले आणि द्राक्षमळ्यांचे फोटो काढून जातात. मला आता किल्ल्यांचं फारसं काही वाटत नाही.

मालवाहू बोट ११० मीटर लांब, काही तर १३५. भरलेली असली की इतकी खाली बसते की पाणी बोटीच्या काठाला चाटत जातं. मागच्या बाजूला कप्तानाचं बिऱ्हाड: जाळीचे पडदे, फुलांच्या कुंड्या, छपरावर चक्क मोटार. धक्क्याला लागले की बोटीवरच्याच क्रेनने ती खाली उतरवतात आणि बाजाराला निघतात. एका बोटीवर कठड्याआड पोरांची घसरगुंडीही पाहिली.

लोरेलायच्या कड्यापाशी नदी अरुंद होते, वळणापलीकडचं दिसत नाही. प्रवाहाबरोबर येणारी बोट चटकन थांबत नाही, म्हणून वर चढणाऱ्या बोटींना पुढून काय येतंय ते काठावरच्या दिव्यांवरून कळतं. कुठल्या बाजूने जायचं हेही चढणारीच ठरवते. नेहमीची बाजू सोडायची असेल तर निळी पाटी दाखवून पांढरा दिवा लुकलुकवते. समोरचीनेही पाटी दाखवली की ठरलं.

सगळ्यांचा जीव मात्र काउब गावाजवळ पट्टीवर मोजलेल्या पाण्याच्या पातळीवर. ऑक्टोबर २०१८ मध्ये ती २५ सेंटिमीटरवर आली होती. नदीत तेवढंच पाणी उरलं असं नाही, बोटींच्या वाटेत त्याहून मीटरभर जास्त असतं. पण तेवढ्यावर भरलेली बोट जात नाही, माल कमी घ्यावा लागतो. एका बोटीचा माल दोन-तीन बोटींत जातो आणि लुडविग्सहाफेनच्या रसायन कारखान्यापर्यंत सगळे हवालदिल. (पाणी आटलं की भाडं चढतं, त्यामुळे बोटवाले अगदीच रडत नाहीत हो!)

माइन्झ ते कोब्लेंझ नदीवर एकही पूल नाही. पलीकडे जायचं तर आपल्या दाभोळ-धोपाव्यासारखी गाड्या नेणारी फेरीबोट. कुणाकडे जेवायला गेलं की यजमानच शेवटच्या फेरीची आठवण करून देतात. पूर आला की तीही बंद. पुलाचं घोंगडं वर्षानुवर्षं भिजत पडलंय. त्यात २००२ पासून खोरं युनेस्कोच्या वारसा यादीत, म्हणजे प्रत्येक खांबावर वाद. मला विचारशील तर पूल व्हावा. रात्री दवाखाना गाठायचा असला की देखाव्याचं कौतुक राहत नाही.

येणार असशील तर मे महिन्यात ये. कापसाचे बोळे आण, दोन्ही काठांवर रेल्वे आहे आणि मालगाड्या रात्रभर धडधडतात. वहिनींना नमस्कार, काकूंना साष्टांग.

तुझाच,
बाळ्या