हप्ता झेपतो हो, पण एकूण भरणार किती?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मी फोंड्यात लोकांची इन्कम टॅक्स रिटर्न्स भरून द्यायचं काम करतो. जून-जुलै आला की लोक पिशवीत फॉर्म सोळा, पासबुक आणि होमलोनचं सर्टिफिकेट घालून येतात. त्या सर्टिफिकेटवर वर्षाचं व्याज किती आणि मुद्दल किती असे दोन आकडे असतात, आणि खरं सांगायचं तर माझ्या टेबलावर येईपर्यंत ते आकडे बहुतेकांनी बघितलेलेच नसतात.

यंदा वेर्ण्याला कामाला असलेला एक मुलगा बायकोला घेऊन आला. ५० लाखांचा फ्लॅट, ४० लाखांचं लोन, साडेआठ टक्के, २० वर्षं, हप्ता ३४,७१३ रुपये. पूर्ण बारा हप्ते गेलेले म्हणजे वर्षात ४ लाख १६ हजार भरून झालेले. मी सहज विचारलं, यातलं मुद्दल किती फिटलं असेल? तो म्हणाला दोनेक लाख तरी फिटले असतील ना काका. कागदावर होते ७९ हजार सहाशे. बाकीचे ३ लाख ३७ हजार नुसतं व्याज. बायकोने कागद हातात घेऊन परत वाचला आणि विचारलं, बँकेने काही चुकीचं तर लावलं नाही ना?

चुकीचं काही नव्हतं. ४० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच होतं २८,३३३, ते आधी वळतं होणार आणि हप्त्यातले उरलेले ६,३८० रुपये तेवढे मुद्दलात जाणार. पुढच्या महिन्यात मुद्दल तेवढ्यानेच कमी म्हणून व्याज चाळीस-पन्नास रुपयांनी कमी, असं करत करत गाडी सरकते. पाच वर्षांनी हेच लोन बघा, खिशातून गेलेले असतात जवळजवळ २१ लाख आणि बाकी असते सव्वापस्तीस लाख. अर्धं मुद्दल फिटायला जवळपास चौदा वर्षं जातात. आणि वीस वर्षांची बेरीज येते ८३ लाख ३१ हजार, त्यात व्याजच ४३ लाखांच्या वर. म्हणजे ५० लाखांच्या फ्लॅटला घरचे १० लाख धरून तुम्ही ९३ लाख मोजता, आणि हा आकडा लोन घेताना कुणी तोंडाने सांगत नाही. सगळे एकच विचारतात, हप्ता झेपेल ना?

झेपेल ना ह्या प्रश्नाचं उत्तर बँकेकडे कायम तयार असतं. नाही झेपत? मग मुदत वाढवा. ह्याच ४० लाखांना २० ऐवजी ३० वर्षं लावली की हप्ता ३०,७५७ होतो, महिन्याला चार हजार वाचले म्हणून माणूस खूश, पण व्याज होतं ७० लाख ७२ हजार. म्हणजे महिन्याचे चार हजार वाचवायला जवळपास साडेसत्तावीस लाख जास्त. उलट १५ वर्षं केली तर हप्ता ३९,३९०, साडेचार-पाच हजार जास्त जातात पण व्याजातले बारा लाखांच्या वर वाचतात. माझं तर मत आहे की लोनची खरी किंमत दरापेक्षाही मुदतीत असते, आणि आपली माणसं पाव टक्क्यासाठी चार बँका फिरतात पण मुदतीवर पाच मिनिटं विचार करत नाहीत.

आता ह्याच्यापुढची गोष्ट, जी मला जास्त टोचते. दर वाढला की बँक सहसा हप्ता वाढवत नाही, गुपचूप मुदत वाढवते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो रेट, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. आता समजा कुणी २०२१ ला पावणेसात टक्क्यांनी ४० लाख घेतले, २० वर्षांसाठी, हप्ता ३०,४१५. दोन वर्षं भरली, बाकी राहिली ३८ लाखांच्या आत, आणि हिशोब सोपा व्हावा म्हणून दर एकदम अडीच टक्क्यांनी वाढला असं धरा. हप्ता तोच ठेवला तर उरलेली १८ वर्षं किती होतात माहीत आहे? साडेपस्तीस. माणूस तिशीत असेल तर पासष्टी उलटेल. अर्थात एवढी मुदत बँक देत नाही, रिटायरमेंटचं वय आडवं येतं, मग शेवटी हप्ता वाढतोच. मुदत तीच ठेवायची असती तर हप्ता साधारण ३६,१५० झाला असता, जड आहे, पण निदान समोर दिसतं तरी. ज्यांना मुदत वाढल्याचं कळलंच नाही असे लोक माझ्याकडे येतात, बँकेने मेसेज पाठवलेला असतो पण तो इंग्रजीत आणि दहा जाहिरातींच्या मेसेजमध्ये गाडलेला.

ह्याच तक्रारी इतक्या झाल्या की ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सर्क्युलर काढलं. दर बदलला की गिऱ्हाईकाला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं ते त्याला निवडू द्यायचं, बँकेच्या पॉलिसीप्रमाणे फिक्स्ड दरावर जायचा पर्याय द्यायचा (ऑक्टोबर २०२५ पासून हा पर्याय बँकेच्या मर्जीवर आहे), आणि दर तीन महिन्यांनी स्टेटमेंट द्यायचं ज्यात किती मुद्दल गेलं, किती व्याज गेलं आणि किती हप्ते राहिले ते लिहिलेलं पाहिजे. किती हप्ते राहिले हा एक आकडा जरी तिमाहीला बघितला तरी पुरे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या लोनला “की फॅक्ट स्टेटमेंट” म्हणजे मुख्य अटींचा कागद पण द्यावा लागतो, त्यात सगळे चार्जेस धरून वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचं पूर्ण वेळापत्रक असतं. सही करताना पन्नास कागदांच्या गठ्ठ्यात तो पण असतो. तेवढा एक कागद घरी आणून शांतपणे वाचा.

२०२५ मध्ये उलटं झालं, फेब्रुवारी ते जून रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. ज्यांचं बँकेचं लोन रेपोला जोडलेलं आहे त्यांना फायदा आपोआप मिळतो, ऑक्टोबर २०१९ पासूनची बँकांची नवी फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराची लोन्स अशी रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात. पण हाऊसिंग फायनान्स कंपन्यांना तो नियम नाही, त्यांचा दर त्या स्वतः ठरवतात, आणि जुनी लोन्स अजून जुन्याच पद्धतीवर पडून आहेत. थोडी फी भरून बदलून मिळतं बऱ्याच ठिकाणी, पण विचारल्याशिवाय कोण सांगणार. आणि दर उतरला म्हणून हप्ता कमी करून घेऊ नका, तोच चालू ठेवा, मुदत आपसूक कमी होते.

टॅक्सचं पण सांगतो कारण तो माझा धंदा. “लोन घेतलं की टॅक्स वाचतो” हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय. राहत्या घराच्या व्याजाची सूट जास्तीत जास्त २ लाख, ती सुद्धा जुन्या पद्धतीने रिटर्न भरलं तर. २०२३-२४ पासून नवी पद्धत डिफॉल्ट झाली, तिच्यात राहत्या घराच्या व्याजाला सूटच नाही. जुन्या पद्धतीत सुद्धा तीस टक्क्यांच्या स्लॅबवाल्याचे त्या २ लाखांवर वाचतात ६२ हजार, त्यासाठी व्याज भरलं ३ लाख ३७ हजार. टॅक्स वाचवायला लोन घेणं म्हणजे सुंभ विकत घ्यायला म्हैस विकण्यातला प्रकार.

वरकड खर्च तर ह्या हिशोबात आलेलेच नाहीत. चालू बांधकामातला फ्लॅट असेल तर ५ टक्के जीएसटी, म्हणजे ५० लाखांवर अडीच लाख. स्टॅम्प ड्युटी आणि रजिस्ट्रेशन वेगळं, आणि लोन किती द्यायचं ते ठरवताना बँक ते धरत नाही, ते रोख उभे करावे लागतात. मग काय, पतसंस्थेत सोनं गहाण नाहीतर पर्सनल लोन, दोन्हीचा दर होमलोनपेक्षा चढा. बिल्डरने ताबा लांबवला तर तोपर्यंत दिलेल्या पैशांवर नुसतं व्याज भरत राहायचं, मुद्दल तसूभर हलत नाही आणि भाडं चालूच. शिवाय लोनसोबत चिकटवलेला विमा. दोन लाखांचा प्रीमियम लोनमध्येच टाकला की हप्त्यात सतराशे-अठराशेच वाढतात म्हणून कळत नाही, पण वीस वर्षांत त्याचे चार लाखांच्या वर जातात. विमा असावा, मी नको म्हणत नाही, पण तो त्याच बँकेच्या कंपनीचा घ्यायची सक्ती नाही, बाहेरची साधी टर्म पॉलिसी पण चालते, आणि ती स्वस्त पडते का ते आधी विचारून बघावं. घर झाल्यावर सोसायटीचं मेंटेनन्स, पंचायतीची नाहीतर पालिकेची घरपट्टी, आणि आपला गोव्याचा पाऊस. दोन-तीन पावसाळे झाले की पश्चिमेच्या भिंतीला ओल येते आणि वॉटरप्रूफिंगवाल्याला बोलवावंच लागतं.

कुणी म्हणेल मग लोन घेऊच नये का. तसं नाही म्हणणं. भाडं पण जातंच, पगार वाढतो आणि आजचा ३४ हजारांचा हप्ता दहा वर्षांनी एवढा जड वाटत नाही हे खरंय, पण नोकरी टिकली आणि पगार वाढला तर, आणि कॉन्ट्रॅक्टवर असलेल्या पोरांना ते गृहीत धरता येत नाही. शिवाय गोव्यात आपली अजून एक गंमत आहे. माझ्याकडे येणाऱ्या कितीतरी जणांचं गावात वडिलोपार्जित घर असतं, डिचोलीला, पेडण्याला, सत्तरीत. पण जमिनीच्या एक-चौदाच्या उताऱ्यावर अजून आजोबांचं नाव, इन्व्हेंटरी म्हणजे वारसांतली कोर्टामार्फत वाटणी कधी केलीच नाही, हिस्सेदार दहा-पंधरा, त्यातले दोघे मुंबईला आणि एक परदेशात. सगळ्यांच्या सह्या झाल्याशिवाय त्या जागेवर बँक लोन देत नाही. म्हणून स्वतःचा हिस्सा असून माणूस फोंड्यात नाहीतर म्हापशाला फ्लॅट घेतो आणि वीस वर्षं बांधून घेतो. इन्व्हेंटरीला वकील आणि कोर्टाचा खर्च येतो, वेळ पण जातो, भाऊबंदकी उकरून निघते हे सगळं मान्य, तरी ४३ लाखांच्या व्याजाशेजारी तो खर्च एकदा मांडून बघायला काय हरकत आहे.

ज्यांचं लोन चालू आहे त्यांच्यासाठी एकच. चवथीच्या नाहीतर दिवाळीच्या बोनसातून, किंवा वर्षभर थोडे थोडे बाजूला टाकून, वर्षाला एक हप्ता जादा भरा. वरच्याच ४० लाखांच्या लोनमध्ये तसं पहिल्यापासून केलं तर तीन वर्षांहून जास्त मुदत कमी होते आणि व्याजाचे आठ लाखांच्या वर वाचतात. फ्लोटिंग दराच्या घरगुती होमलोनला मुदतीआधी पैसे भरण्यावर बँक दंड लावू शकत नाही, २०१२ पासूनचा नियम आहे. फक्त भरताना लेखी द्या की हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी करा, आणि पोचपावती घ्या. हे सुरुवातीच्या वर्षांत जेवढं कराल तेवढं बरं, शेवटच्या चार-पाच वर्षांत व्याज असतंच कितीसं. पण घरात सहा महिन्यांचा खर्च शिल्लक ठेवून मगच, नाहीतर लोन फेडता फेडता हॉस्पिटलला पैसे नाहीत अशी पाळी यायची. आणि लोन फिटलं की सेल डीडसकट सगळे मूळ कागद तीस दिवसांत परत मिळाले पाहिजेत, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. डिसेंबर २०२३ पासूनचा हा नियम फारसा कुणाला माहीत नाही.

आता तुमच्याकडे एक मागणं. रविवारच्या पुरवणीत फ्लॅटच्या पान-पान जाहिराती असतात, त्यात “हप्ता फक्त अमुक हजारांपासून” असं ठळक आणि मुदत खाली मुंगीएवढ्या अक्षरात, कधी तीही नाही. हप्ता छापायचा असेल तर त्याच्या शेजारी त्याच अक्षरात मुदत आणि एकूण भरायची रक्कम पण छापा, अशी अट वर्तमानपत्र म्हणून तुम्ही घालू शकता. जाहिरातदार कुरकुर करतील हे मला कळतं, तुमचंही पोट त्यावर आहे. ते नाहीच जमलं तर त्याच पुरवणीच्या कोपऱ्यात दर आठवड्याला एक छोटा तक्ता द्या, दहा लाखांना १०, १५, २०, ३० वर्षांत चालू दराने एकूण किती भरावे लागतात तेवढाच. तक्ता मी करून देईन, मानधन नको.

आपला,
एक वाचक, फोंडा